पकड कोणी लिहून ठेवली? कबड्डीच्या विस्मृत बचावफळीच्या बाजूने (धागा)

१/ प्रो कबड्डीचा हंगाम जवळ आला की समाजमाध्यमांवर ‘सर्वकालीन महान कबड्डीपटूं’च्या याद्या फिरू लागतात. या याद्यांत दोन दोष ठरलेले असतात. बहुतेक नावे चढाईपटूंची असतात आणि जवळजवळ सगळी नावे २०१४ नंतरची असतात. हे दोन्ही दोष एकाच मुळातून आले आहेत आणि ते मूळ क्रीडांगणावर सापडत नाही. ते गुणलेखकाच्या टेबलावर सापडते. ज्या पराक्रमाची नोंद होत नाही तो इतिहासातून गळतो, आणि कबड्डीत अशी गळती सर्वाधिक सोसली ती पकड करणाऱ्याने. या धाग्याचा विषय एवढाच आहे.

२/ आधी २०१४ या सालाचा हिशेब करू. प्रो कबड्डीची सुरुवात २६ जुलै २०१४ रोजी झाली. त्यानंतर सहाच दिवसांनी, १ ऑगस्ट २०१४ रोजी, पालघर जिल्हा अस्तित्वात आला. उद्या कोणी म्हणाले की पालघरचा इतिहास २०१४ पासून सुरू होतो, तर तारापूरचा किल्ला, चिमाजी अप्पांची उत्तर कोकणची मोहीम आणि १९६९ मध्ये कार्यान्वित झालेले अणुवीज केंद्र दाखवून आपण त्याला तत्काळ गप्प करू. कबड्डीविषयी मात्र हेच विधान आपण निमूटपणे ऐकून घेतो, किंबहुना स्वतःच पुढे पाठवतो.

३/ वस्तुस्थिती अशी: हुतूतूला नियमांच्या चौकटीत बसवण्याचे प्रयत्न महाराष्ट्रात विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकांतच सुरू झाले होते. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने या खेळाचे प्रात्यक्षिक दाखवले. अखिल भारतीय महासंघ १९५० मध्ये स्थापन झाला आणि १९५२ मध्ये मद्रासला पुरुषांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली. १९७२ चा अर्जुन पुरस्कार सदानंद शेट्ये यांना मिळाला. कबड्डीतला तो पहिला. १९९० मध्ये बीजिंगच्या आशियाई क्रीडा स्पर्धेत कबड्डीचा समावेश झाला. या सगळ्यानंतर चोवीस वर्षांनी दूरचित्रवाणीवर लीग आली.

४/ “पण तेव्हा कोणी व्यावसायिक नव्हते,” हा पुढचा आक्षेप. मुंबई-ठाण्याच्या कोणत्याही जुन्या कबड्डीप्रेमीला ‘व्यावसायिक गट’ म्हणजे काय ते विचारा. महिंद्रा, एअर इंडिया, भारत पेट्रोलियम, देना बँक, मध्य रेल्वे, मुंबई बंदर, बेस्ट, पोलीस अशा संघांच्या स्पर्धांना हेच नाव होते. खेळाच्या जोरावर नोकरी मिळायची, नोकरीवर घर चालायचे आणि संघासाठी अंग झिजवायचे. लिलाव नव्हता, पण उपजीविका होती. खेळ हा ज्याच्या पोटाचा आधार आहे त्याला व्यावसायिक म्हणायचे नाही, तर कोणाला म्हणायचे?

५/ मग या पूर्वसूरींच्या कारकिर्दी आपल्याला ठाऊक का नाहीत? त्यातही पकड करणाऱ्यांच्या का नाहीत? याचे उत्तर शोधण्यासाठी थोडे दूर, अमेरिकेत जाऊ. तिथल्या फुटबॉलमध्ये हाच प्रश्न उभा राहिला होता आणि त्याचे उत्तर शोधण्याचे कष्ट तिथल्या काही चिकाटीच्या लोकांनी घेतले. आपल्या दृष्टीने महत्त्वाची आहे ती त्यांनी अनुसरलेली पद्धत.

६/ अमेरिकन फुटबॉल न पाहिलेल्यांसाठी: प्रत्येक संघाचे अकरा खेळाडू मैदानात असतात. चेंडू ज्याच्याकडे आहे त्या संघाचा सूत्रधार म्हणजे क्वार्टरबॅक. तो चेंडू फेकण्याच्या तयारीत असताना समोरच्या संघाच्या बचावफळीतील धिप्पाड खेळाडू त्याच्या रक्षकांची भिंत फोडून आत शिरतात आणि त्याला तिथेच जमिनीवर लोळवतात. यालाच ‘सॅक’ म्हणतात. इंग्रजीत हा शब्द शहर लुटून उद्ध्वस्त करण्यासाठी वापरतात. शिवकालाचे वाचक सुरतेची आठवण काढतील, तर ते चुकीचे ठरणार नाही.

७/ हा शब्द रूढ केला तो डीकन जोन्स याने, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. मूळ नाव डेव्हिड जोन्स. जन्म १९३८, फ्लोरिडातील इटनव्हिल. नागरी हक्कांच्या आंदोलनात भाग घेतल्यामुळे साउथ कॅरोलिनातील महाविद्यालयाने त्याची शिष्यवृत्ती काढून घेतली, तेव्हा तो मिसिसिपीतील दुसऱ्या महाविद्यालयात गेला. १९६१ च्या खेळाडू निवडीत चौदाव्या फेरीपर्यंत त्याचे नाव कोणी पुकारले नाही. शेवटी लॉस एंजेलिस रॅम्सने त्याला घेतले. मर्लिन ओल्सन, रोझी ग्रिअर, लामार लंडी आणि जोन्स ही त्यांची चौकडी पुढे साऱ्या लीगच्या धास्तीचा विषय झाली.

८/ जोन्स १९७४ पर्यंत खेळला. १९८० मध्ये त्याला खेळाच्या मानमंदिरात स्थान मिळाले. आता त्याच्या कारकिर्दीतील अधिकृत सॅकची संख्या सांगतो: शून्य. कारण असे की लीगने खेळाडूनिहाय सॅकची अधिकृत मोजणी १९८२ मध्ये सुरू केली. ज्या माणसाने त्या कृतीला नाव दिले, त्याच्याच खात्यावर ती कृती एकदाही जमा नाही. फेकलेल्या चेंडूंचे, धावलेल्या यार्डांचे, नोंदवलेल्या गुणांचे हिशेब लीग कितीतरी आधीपासून ठेवत होती. मोजायचे राहिले ते अडवणाऱ्याचे काम.

९/ पुढे काय झाले, ते इतिहासाच्या विद्यार्थ्यांनी ध्यानात ठेवण्यासारखे आहे. जॉन टर्नी आणि निक वेबस्टर या दोन संशोधकांनी वर्षानुवर्षे जुन्या सामन्यांच्या नोंदवह्या आणि चित्रफिती तपासल्या आणि कोणत्या खेळीत कोणी कोणाला लोळवले हे एकेक करून लावत नेले. त्यांचे संकलन २०२१ मध्ये एका नामांकित सांख्यिकी संकेतस्थळाने प्रसिद्ध केले. त्यानुसार जोन्सच्या नावावर १७३.५ सॅक येतात. त्याच्यापुढे केवळ दोघे उरतात: ब्रूस स्मिथ (२००) आणि रेगी व्हाइट (१९८). लीग आजही हे आकडे अधिकृत मानत नाही. तरीही शून्यापासून १७३.५ पर्यंतचा हा प्रवास कागदांच्या बळावर झाला, हे नाकारता येत नाही.

१०/ आणखी एक पुरावा पाहा. लीगमधील सर्वात मौल्यवान खेळाडूचा असोसिएटेड प्रेसचा पुरस्कार बचाव करणाऱ्या खेळाडूला आजवर दोनदाच मिळाला आहे: १९७१ मध्ये ॲलन पेज आणि १९८६ मध्ये लॉरेन्स टेलर. पेज मिनेसोटा संघाच्या बचावफळीत होता. खेळत असतानाच त्याने कायद्याची पदवी घेतली आणि १९९३ पासून २०१५ पर्यंत तो मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायाधीश होता. एवढ्या तोलामोलाची माणसे ज्या फळीत होती, तिच्या वाट्याला इतक्या दशकांत दोन पुरस्कार यावेत, याला योगायोग म्हणणे कठीण आहे.

११/ “अमेरिकेचे जाऊ द्या, आपला काय संबंध?” संबंध आहे. भारतातही ‘एलिट फुटबॉल लीग’ नावाची अमेरिकन फुटबॉलची लीग निघाली होती. २०१२ च्या तिच्या पहिल्या हंगामाचे अजिंक्यपद ‘पुणे मराठाज’ने मिळवले, अंतिम सामन्यात दिल्लीला ६-० असे हरवून. या आकड्यातला शून्य नीट पाहा. प्रतिस्पर्ध्याला अखेरपर्यंत खाते उघडू दिले नाही, याचा अर्थ तो सामना जितका आक्रमणाचा तितकाच बचावफळीचा होता. आज त्या बचावफळीतील एक तरी नाव कोणी सांगू शकेल का? ‘मराठाज’ हे नाव उरले. ज्यांनी तो शून्य राखला ती माणसे विस्मृतीत गेली.

१२/ आता कबड्डीकडे. सात जणांचा बचाव म्हणजे दोन्ही टोकांचे कोपरारक्षक, त्यांच्या आतले साथीदार आणि मध्यरक्षक. कोपऱ्यातला घोट्यावर किंवा मांडीवर झेपावतो, मधले दोघे हात गुंफून साखळी करतात, कोणी धडक देऊन चढाईपटूला रेषेबाहेर फेकतो. तीस सेकंदांच्या चढाईत हे सारे निमिषार्धात घडते. एकाने घोटा धरला, दुसऱ्याने कंबर, तिसऱ्याने मध्यरेषेकडे लांबवलेला हात अडवला. तिघांच्या मेहनतीचा गुण मात्र एकच, आणि आकडेवारीत नाव चढते ते बहुधा एकाचेच.

१३/ चढाईचे गणित याच्या उलट आहे. चढाईपटू एका दमात दोन, तीन, क्वचित त्याहून अधिक गडी बाद करून परततो आणि सगळे गुण त्याच्या एकट्याच्या खात्यात जातात. म्हणून प्रो कबड्डीत परदीप नरवालचे चढाईचे गुण १८०० च्या घरात दिसतात, तर पकडीत अग्रेसर असलेल्या इराणच्या फझल अत्राचलीचे ५०० च्या पुढचे. यावरून चढाईपटू तिप्पट मोलाचा ठरतो काय? मुळीच नाही. खेळाने एका कृतीला अनेक गुण दिले आणि दुसरीला सहसा एकच. हा फरक मोजमापाचा आहे, कर्तृत्वाचा नव्हे.

१४/ लीगने निदान मोजमाप तरी सुरू केले. तिच्या आधी काय होते? पारंपरिक पद्धतीत गुणलेखक संघाचे चालू गुण, बोनस आणि लोण यांचा हिशेब ठेवतो. बाद झालेले गडी त्याच क्रमाने पुन्हा आत येतात, म्हणून सहायक गुणलेखक बाद होणाऱ्यांचा क्रम टिपतात. म्हणजे कोण बाद झाला हे कागदावर येते. त्याला कोणी बाद केले, हे लिहिण्याची खेळाच्या कारभाराला गरजच पडत नाही. चढाईत पकडला गेलेला गडी कागदावर उरला, त्याला पकडणारा उरला नाही.

१५/ वृत्तपत्रांनी ही उणीव भरून काढली असती, पण त्यांच्या साच्यातही तीच उतरंड होती. सामन्याच्या वृत्तातले ठरीव वाक्य आपल्या सर्वांच्या परिचयाचे आहे: अमुकने ‘झंझावाती चढाया’ केल्या आणि त्याला तमुकने ‘पकडीत सुरेख साथ दिली’. साथ! गवयाच्या मागे तबलजी असावा तसा बचावपटू इथे येतो. दोन-तीन पिढ्या हे वाक्य वाचत मोठ्या झाल्या आणि पकड हे दुय्यम काम आहे असे मानू लागल्या. हा दोष कुणा एका वार्ताहराचा नाही. साचा घडला, तो पुढे कोणी मोडला नाही, इतकेच.

१६/ प्रतिपक्षाचा सर्वात बळकट मुद्दा असा: “सामना गुणांनी जिंकतात आणि गुण चढाईपटू आणतो.” त्याला जकार्ताचे उत्तर पुरेसे आहे. १९९० पासून २०१४ पर्यंत भारतीय पुरुषांनी आशियाई स्पर्धेतील कबड्डीचे एकही सुवर्ण सोडले नव्हते. २०१८ च्या उपांत्य सामन्यात इराणने भारताला २७-१८ असे हरवले. परदीप नरवाल, अजय ठाकूर, राहुल चौधरी यांच्यासारखे चढाईपटू असलेला संघ पूर्ण सामन्यात अठरा गुणांवर थांबला. अठ्ठावीस वर्षांची मक्तेदारी प्रतिस्पर्ध्याच्या बचावापुढे संपली. ज्यांना चढाईनेच सामने जिंकता येतात असे वाटते, त्यांनी तो गुणफलक पुन्हा पाहावा.

१७/ त्या भारतीय संघात महाराष्ट्राचा डावा कोपरारक्षक गिरीश इरनाकही होता. आपल्याकडच्या चर्चेत या पराभवाचे खापर कोणावर फुटले, ते आठवा. बचाव अभेद्य राहिला तर श्रेय ‘संघा’चे, बचाव फुटला तर दोष नावानिशी कोपऱ्यातल्या गड्याचा. यू मुंबाने २०१५ मध्ये दुसऱ्या हंगामाचे अजिंक्यपद मिळवले तेव्हा बचावात मुंबईचा विशाल माने होता. त्या विजयाच्या आठवणी निघाल्या की किती जणांच्या ओठांवर त्याचे नाव प्रथम येते?

१८/ नियमपुस्तक हाही एक दस्तऐवज असतो, हे इतिहासाच्या विद्यार्थ्याला सांगायला नको. जोन्स समोरच्याच्या शिरस्त्राणावर पंजाचा तडाखा देऊन वाट काढायचा. १९७७ मध्ये लीगने तो डावच निषिद्ध केला. त्याच्या सॅक कोणी मोजल्या नसतील, पण त्याची दहशत नियमात उमटली. कबड्डीतही चढाईपटूने निदान रेषा ओलांडलीच पाहिजे, सलग दोन रिकाम्या चढायांनंतर तिसरीत गुण आणलाच पाहिजे, असे नियम आहेत. चढाईपटूला पुढे ढकलावे लागते, कारण समोरचा बचाव त्याला मागे थोपवण्याइतका समर्थ असतो. माझे म्हणणे असे की आकडे नसतील तिथे नियमांतील बदल साक्ष देतात.

१९/ “पण आता बचावपटूंना कोट्यवधी मिळतात ना?” हो. प्रो कबड्डीच्या लिलावात एक कोटीचा टप्पा सर्वप्रथम गाठला तो २०१८ मध्ये फझल अत्राचलीने, एका बचावपटूने. २०२३ मध्ये मोहम्मदरझा शाडलुईवर २ कोटी ३५ लाखांची बोली लागली. ही उदाहरणे माझ्या विरोधात पुढे केली जातात. वस्तुतः ती माझीच बाजू भक्कम करतात. पकडीचे गुण खेळाडूनिहाय मोजले जाऊ लागल्यावर चारच वर्षांत पकडीला कोटीचे मोल आले. पकड आधीही तितकीच अवघड होती. फरक पडला तो नोंदीमुळे.

२०/ ज्यांच्यासाठी अशी नोंद अद्याप धड सुरूच झाली नाही, त्यांचाही विचार करा. प्रो कबड्डीच्या आयोजकांनी २०१६ मध्ये महिलांसाठी तीन संघांची स्पर्धा घेतली आणि ती तिथेच थांबली. म्हणजे पुरुष बचावपटू २०१४ पूर्वी ज्या अंधारात होते, त्याच अंधारात महाराष्ट्रातील कितीतरी महिला बचावपटू आजही खेळत आहेत. दहा वर्षांनी कोणी ‘सर्वकालीन महान महिला कबड्डीपटूं’ची यादी करायला बसेल, तेव्हा त्याच्या हाती काय असेल?

२१/ आता घरच्या मैदानावर येऊ. जानेवारी १७३९ मध्ये तारापूरच्या किल्ल्यापुढे बाजी भिवराव रेठरेकर पडले, हे आपण आज ठामपणे सांगतो. का सांगू शकतो? त्या मोहिमेची पत्रे जपली गेली, दप्तरे राहिली, नंतरच्या संशोधकांनी ती छापली म्हणून. त्याच तटाखाली आणि त्याच तटावर पडलेल्या इतर असंख्यांची नावे आपल्याला ठाऊक नाहीत. त्यांचे शौर्य कमी होते असे कोणी म्हणेल काय? त्यांच्या वाट्याला पत्र आले नाही, एवढेच. कबड्डीच्या बचावपटूंची अवस्था नेमकी हीच आहे. फरक इतकाच की यातले अनेक जण अजून हयात आहेत.

२२/ पालघरपुरती अडचण आणखी एक आहे. २०१४ पूर्वी तारापूर, चिंचणी, बोईसर, पालघर, डहाणू इथला खेळाडू ठाणे जिल्ह्याचा म्हणून गणला जाई. जुन्या नोंदींत ‘पालघर जिल्हा’ शोधणाऱ्याला काहीच सापडणार नाही आणि ‘आपल्याकडे कबड्डीची परंपराच नव्हती’ असा निष्कर्ष काढून तो मोकळा होईल. जिल्ह्याची सीमा बदलली की पुराव्याचे शीर्षक बदलते. हे ध्यानात न घेता केलेला शोध म्हणजे चुकीच्या रुमालात कागद धुंडाळणे होय.

२३/ काळ फार उरलेला नाही. अमेरिकन लीगने सॅक मोजायला सुरुवात केली त्याच वर्षी, १८ जानेवारी १९८२ रोजी, मुंबईतील गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. गिरण्या खचल्या तसे गिरण्यांच्या आश्रयाने चालणारे खेळही खचले. कचेऱ्यांची कपाटे रिकामी होतात तेव्हा हिशेबाचे कागद कोणी जपून ठेवतो, सामन्याचे कोणी ठेवत नाही. गावोगावच्या मंडळांतही हेच चालते. दिवाळीच्या साफसफाईत जुन्या स्पर्धांची पत्रके रद्दीत जातात आणि एका कोपरारक्षकाची कारकीर्द किलोच्या भावाने विकली जाते.

२४/ तरीही सारे संपलेले नाही. आपल्या गावच्या स्पर्धांनी एक गोष्ट शहाण्या शहरांपेक्षा नीट केली आहे. प्रकाशझोतातील कोणत्याही स्थानिक स्पर्धेचा बक्षीस समारंभ आठवा: ‘उत्कृष्ट चढाई’ आणि ‘उत्कृष्ट पकड’ असे दोन स्वतंत्र चषक असतात. पकडीला स्वतःचा चषक देण्याची ही रीत लीगच्या कितीतरी आधीची आहे. मंडळाने जे ओळखले होते ते वृत्तपत्राच्या साच्याला आणि गुणपत्रकाला ओळखता आले नाही.

२५/ आणि त्या चषकांवर पट्टी असते: मंडळाचे नाव, गाव, साल, ‘उत्कृष्ट पकड’. ताम्रपट वाचायला शिकणाऱ्यांनी ही पट्टीही वाचावी. शोकेसमध्ये धूळ खात पडलेला तो चषक कालनिर्देश असलेला, स्थाननिर्देश असलेला, मूळ स्थितीतील पुरावा आहे. त्याच्या जोडीला प्रमाणपत्रे, स्पर्धेच्या कार्यक्रमपत्रिका, संघाची छायाचित्रे, वृत्तपत्रांची कात्रणे आणि मंडळाच्या जमाखर्चाच्या वह्या ठेवा. टर्नी आणि वेबस्टर यांच्याजवळ याहून सुबक सामग्री होती, हे मान्य. आपल्याजवळची सामग्री त्यामुळे निरुपयोगी ठरत नाही.

२६/ “आठवणींवर विश्वास कसा ठेवायचा? म्हातारी माणसे फुगवून सांगतात.” सांगतात, खरे आहे. बखरकारही सांगत. म्हणून आपण बखरी जाळल्या नाहीत. पत्रांशी ताडून पाहिल्या. इथेही तेच करायचे. एकाच सामन्याची आठवण दोन्ही संघांतील माणसांकडून घ्यावी, साल चषकावरून पक्के करावे, नाव प्रमाणपत्राशी जुळवावे. जे जुळले ते ‘निश्चित’, जे जुळले नाही ते ‘सांगीव’ असे स्पष्ट लिहावे. आकडा हाती आला नाही तर रचू नये. खोटा आकडा देऊन केलेला गौरव हा त्या खेळाडूचा दुसरा अपमान होय.

२७/ ज्यांना हे काम करावेसे वाटते त्यांच्यासाठी पाच गोष्टी: (अ) आपल्या गावातील मंडळाच्या जुन्या गुणलेखकाला आणि पंचाला आधी भेटा, खेळाडूंपेक्षा त्यांची स्मृती तटस्थ असते. (आ) प्रत्येक खेळाडूची जागा विचारा: डावा कोपरा, उजवा कोपरा की मध्यरक्षक. (इ) त्याची पेटंट पकड कोणती, हे त्याच्या प्रतिस्पर्ध्याला विचारा. (ई) चषकाच्या पट्टीचे जवळून छायाचित्र घ्या. (उ) संबंधितांच्या संमतीविना नाव वा छायाचित्र प्रसिद्ध करू नका. नोंद करणे आणि प्रसिद्ध करणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

२८/ जिल्हा संघटना आणि स्पर्धांचे आयोजक यांच्याकडे मागणी एकच, आणि तिला खर्च जवळजवळ नाही. गुणपत्रकात एक रकाना वाढवा: ‘पकड कोणाची’. दुहेरी पकड असेल तर दोन्ही नावे, साखळी असेल तर साखळीतली सगळी. पुरुष, महिला, कुमार, किशोर अशा सर्व गटांत. तारापूर-बोईसरच्या एखाद्या मैदानावर आज घोट्यावर झेपावणाऱ्या सोळा वर्षांच्या मुलीची कारकीर्द त्या एका रकान्यामुळे वाचेल.

२९/ आणि यादीवाल्या मित्रांना विनंती. ‘सर्वकालीन’ हा शब्द वापरायचा असेल तर काळ सगळा घ्या. तेवढी तयारी नसेल तर ‘२०१४ नंतरचे’ असे प्रामाणिकपणे लिहा. ‘महान कबड्डीपटू’ लिहून केवळ चढाईपटू द्यायचे असतील तर ‘महान चढाईपटू’ असे लिहा. शब्द अचूक वापरणे ही इतिहासाची पहिली अट आहे, आणि ती पाळायला दप्तरखान्यात जावे लागत नाही.

३०/ डीकन जोन्स २०१३ मध्ये वारला. त्याच्या सॅकचे आकडे प्रसिद्ध झाले २०२१ मध्ये. ते पाहायला तो नव्हता. आपल्या भागातील जुन्या कोपरारक्षकांच्या बाबतीत इतका उशीर होऊ नये. तुमच्या गावातल्या ‘उत्कृष्ट पकड’ चषकावर जे साल कोरलेले आहे, ते आणि गावाचे नाव, घरच्यांना विचारून, या धाग्याखाली लिहा. तारापूर, चिंचणी आणि बोईसरच्या नोंदी ताडून एकत्र लावण्याचे काम मी करतो.